पळत जायचं आणि बंदराबाहेर ताटकळत बसायचं: जहाजांचं तेल नेमकं कुठे जातं

जहाजं लाइव्ह दाखवणारं कुठलंही अॅप उघडा आणि एखाद्या मोठ्या बंदरावर झूम करा. धक्क्याला लागलेली जहाजं मोजकी दिसतील आणि बाहेर उघड्या समुद्रात ठिपक्यांचा हा एवढा पुंजका दिसेल. ती सगळी नांगर टाकून उभी असलेली जहाजं, कुणी दोन दिवस, कुणी चार, कुणी दहा. मला आधी वाटायचं बिघडली असतील किंवा काम नसेल, पण तसं नसतं, त्यातली बरीचशी फक्त आपला नंबर लागायची वाट बघत असतात. आणि कहर म्हणजे तिथे पोचायला ती अर्धं जग ओलांडून चांगल्या स्पीडने आलेली असतात. पुढचा सिग्नल लाल आहे हे लांबूनच दिसतंय तरी गाडी दामटत न्यायची आणि मग करकचून ब्रेक मारून उभं राहायचं, तसला प्रकार, फक्त गाडी दोनशे-तीनशे मीटर लांब आणि तेल दिवसाला कित्येक टन.

ग्रीन शिपिंग म्हटलं की लोक लगेच हायड्रोजन, अमोनिया, बॅटरी यावर उडी मारतात. ते होईल तेव्हा होईल. आज जी जहाजं पाण्यात आहेत ती अजून वीसेक वर्षं चालणार आहेत आणि त्यांचं तेल वाचवायचं तर सगळ्यात कामाची गोष्ट आहे माहिती: आपण नक्की कुठे आहोत, पुढे हवा कशी आहे, पाणी किती खोल आहे, आणि धक्का कधी रिकामा होणार. ही माहिती आता बऱ्यापैकी मिळते. तरी जहाजं पळतातच. का पळतात, तिथेच खरी गोम आहे.

आधी आवाका कळावा म्हणून दोन आकडे. जगातल्या व्यापाराचा ८० टक्क्यांहून जास्त माल समुद्रातून जातो, आणि आंतरराष्ट्रीय सागरी संघटना म्हणजे आयएमओच्या अभ्यासानुसार २०१८ साली जहाजांनी साधारण १०७.६ कोटी टन ग्रीनहाऊस वायू सोडले, म्हणजे माणसांनी सोडलेल्या एकूण वायूंच्या २.८९ टक्के. एवढा माल वाहून नेऊन तीन टक्क्यांच्या आत, म्हणजे खरं तर टनामागे जहाज हे सगळ्यात काटकसरी वाहन आहे. पण एकूण बेरीज मोठी आहे आणि वाढतीये.

आता स्पीडचं गणित, कारण बाकी सगळं यावर उभं आहे. पाण्याचा विरोध स्पीडच्या साधारण वर्गाने वाढतो, आणि इंजिनाला लागणारी ताकद म्हणजे विरोध गुणिले स्पीड, म्हणून ताकद जाते घनाने. स्पीड दुप्पट केला तर ताकद दुप्पट नाही, आठपट लागते. उलट्या बाजूने बघितलं तर हे सोनं आहे. समजा एका मालवाहू जहाजाला ४,००० सागरी मैल जायचंय आणि १४ नॉटने, म्हणजे तासाला १४ सागरी मैलांनी, चाललं तर ते दिवसाला ५० टन तेल पितं. बारा दिवसांच्या आसपास पोचेल, तेल लागलं जवळपास ५९५ टन. तेच १२ नॉटने नेलं तर रोजचं तेल येतं साडेएकतीस टनांवर, प्रवास होतो चौदा दिवसांचा आणि एकूण तेल ४३७ टन. दोन दिवस उशीर आणि दीडशे टनांहून जास्त तेल वाचलं. एक टन जड तेल जाळलं की साधारण ३.१ टन कार्बन डायऑक्साइड निघतो (कार्बन हवेतला ऑक्सिजन ओढून घेतो म्हणून तेलापेक्षा वायूचं वजन जास्त भरतं, हे बऱ्याच जणांना पटत नाही पण तसंच आहे), म्हणजे एका फेरीत ४९० टन वायू कमी. आणि ते जहाज नाहीतरी बंदराबाहेर दोन दिवस उभंच राहणार असेल तर हा उशीर उशीरच नाही.

घनाचा नियम अर्थात अंदाजाचा आहे, तो मुख्य इंजिनापुरता लागू, दिवे-पंप-फ्रीज चालवणारे जनरेटर त्यात धरलेले नाहीत आणि ते नांगर टाकल्यावरही चालूच असतात. पण दिशा पक्की. २००८ च्या मंदीनंतर तेल महाग आणि जहाजं जास्त झाली तेव्हा चोवीस-पंचवीस नॉटने धावणाऱ्या कंटेनर कंपन्यांनी आपणहून स्पीड उतरवला, त्याला स्लो स्टीमिंग म्हणतात, जरी स्टीमचा त्याच्याशी आता काही संबंध नाही. पर्यावरणाचं प्रेम वगैरे काही नव्हतं, नुसतं बिल बघून केलं.

मग बाकीचे का करत नाहीत? कारण कागद. मालवाहू जहाज भाड्याने घ्यायचे दोन मुख्य प्रकार. एकात फेरीचं भाडं ठरतं आणि तेल जहाजमालक भरतो, पण करारात एक शंभरेक वर्षं जुनी अट असते की जहाज शक्य तितक्या लवकर पोचलं पाहिजे. कॅप्टनने आपल्या मनाने स्पीड कमी केला तर तो करारभंग. शिवाय जहाज पोचलं की कॅप्टन नोटीस देतो, आम्ही हजर आहोत, तयार आहोत, आणि तिथून माल चढवायचं किंवा उतरवायचं घड्याळ सुरू होतं. ठरलेल्या वेळेपेक्षा जास्त लागला तर भाड्याने घेणारा मालकाला रोजचा दंड देतो, त्याला डेमरेज म्हणतात. त्यात बऱ्याच बंदरांत पहिला येईल त्याचा पहिला नंबर. आता सांगा, लवकर पोचलं की रांगेत नंबर पुढे, घड्याळ लवकर सुरू, नशीब असेल तर डेमरेजचे पैसे. कोण शहाणा हळू जाईल? दुसऱ्या प्रकारात जहाज महिन्यांच्या किंवा वर्षांच्या बोलीवर घेतलं जातं, तिथे तेल भाडेकरू भरतो आणि स्पीडही तोच सांगतो, पण जहाजावर काही नवीन यंत्र बसवायचं तर खर्च मालकाचा. ज्याने पदरमोड करायची त्याला फायदा नाही आणि फायदा ज्याला त्याने खर्च करायचा नाही, इथे घोडं अडतं.

या रांगेची किंमत नुसती तेलात नसते. जून २००७ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या न्यूकॅसल बंदराबाहेर कोळसा भरायला आलेली पन्नासहून जास्त जहाजं रांगेत उभी होती. ८ जूनला मोठं वादळ आलं आणि त्यातलं पाशा बल्कर नावाचं जहाज वाऱ्याने ढकलत ढकलत थेट शहराच्या बीचवर येऊन बसलं. माणसं हेलिकॉप्टरने उचलली, जीव कुणाचा गेला नाही, पण जहाज ओढून काढायला महिना संपून जुलै उजाडला. नंतर काही वर्षांनी तिथे रांगेची पद्धतच बदलली, नंबर लावायला प्रत्यक्ष येऊन उभं राहायची गरज उरली नाही, लांबूनच वेळ ठरायला लागली आणि तेवढ्या हिशोबाने जहाज हळू येऊ शकतं. म्हणजे जादूची कुठली टेक्नॉलॉजी नाही, फक्त रांगेचा नियम बदलला.

पण लांबून वेळ ठरवायची तर जहाज कुठे आहे आणि कधी येईल हे कळायला हवं, आणि इथून डिजिटल भाग सुरू होतो. ते अॅपवरचे ठिपके येतात एआयएस नावाच्या यंत्रातून. आंतरराष्ट्रीय फेऱ्या करणाऱ्या ३०० ग्रॉस टनांवरच्या (हे वजन नाही, जहाजाच्या आतल्या जागेचं माप आहे) जहाजांवर ते २००४ च्या शेवटापर्यंत सक्तीचं झालं. चालत्या जहाजातून दर काही सेकंदांनी व्हीएचएफ रेडिओवर जागा, स्पीड आणि दिशा बाहेर पडते, आणि दर सहा मिनिटांनी नाव, ड्राफ्ट म्हणजे जहाज किती पाण्याखाली बसलंय ते, कुठे चाललंय आणि कधी पोचेल. मूळ हेतू एवढाच की दोन जहाजांनी एकमेकांना धडकू नये. किनाऱ्यावरचे अँटेना आणि नंतर सॅटेलाइट तेच सिग्नल पकडायला लागले आणि त्यातून अख्ख्या जगाचा नकाशा तयार झाला, हा नंतरचा फायदा.

अडचण अशी की जागा आणि स्पीड यंत्र आपणहून पाठवतं पण कुठे चाललोय आणि कधी पोचेन हे माणूस हाताने टाइप करतो. त्यामुळे बंदराचं नाव कसंही लिहिलेलं, कधी मागच्याच फेरीचं राहून गेलेलं, आणि पोचायच्या वेळेच्या रकान्यात महिना, तारीख, तास, मिनिट आहे पण वर्षच नाही, म्हणजे महिनोन्महिने जुनी वेळ तशीच पडून राहिली तरी यंत्राला काही वाटत नाही. म्हणून आता बंदरं आणि कंपन्या टाइप केलेल्या वेळेवर विसंबत नाहीत, जहाजाचा प्रत्यक्ष माग, आधीच्या फेऱ्या आणि हवामान बघून सॉफ्टवेअर स्वतः वेळ काढतं.

आणि तरी हा सोपा अर्धा भाग झाला. अवघड अर्धा भाग म्हणजे धक्का कधी रिकामा होणार. ते आधीच्या जहाजावर, क्रेनवर, पावसावर, भरतीवर, पायलट (जहाज बंदरात आणणारा वाटाड्या) आणि टग (जहाज ओढणारी-ढकलणारी बोट) मोकळे आहेत का यावर अवलंबून, आणि या प्रत्येकाचं वेगळं ऑफिस, वेगळी एक्सेल शीट आणि वेगळा फोन. अमक्याची वेळ म्हणजे पायलट चढायची वेळ की दोर बांधायची वेळ यावरच घोळ व्हायचे. त्यामुळे जस्ट इन टाइम अरायव्हल, म्हणजे धक्का रिकामा होईल तेव्हाच पोचणं, म्हणून जे चाललंय त्यातलं निम्मं काम कंटाळवाणं आहे, शब्दांचे अर्थ एकसारखे करायचे, डेटाचा साचा एक करायचा, आणि जहाजाने बंदराला मी कधी येईन हे सांगण्याऐवजी बंदराने जहाजाला तू अमुक वाजता ये हे सांगायचं, आणि तेही जहाज अजून लांब असताना. लांब असताना हे महत्त्वाचं. कंटेनर जहाजांवर २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात असं निघालं की पूर्ण प्रवासभर स्पीड जुळवता आला तर फेरीमागे सरासरी १४ टक्के तेल वाचतं, शेवटचे २४ तासच जुळवले तर ६ टक्क्यांच्या आसपास, आणि शेवटचे १२ तास तर चारेक टक्के. चार टक्के ऐकायला किरकोळ वाटतं, पण त्यासाठी जहाजात एक बोल्टही बदलावा लागत नाही.

आता ब्रिजवर जाऊ, म्हणजे जिथून जहाज चालवतात ती खोली. पूर्वी तिथे मोठं टेबल आणि त्यावर कागदी नकाशे, पेन्सिल, कंपास, आणि दर आठवड्याला येणाऱ्या दुरुस्त्या हाताने नकाशावर चढवायच्या. आता तिथे एकडिस असतं, इलेक्ट्रॉनिक नकाशाची सिस्टिम, जी २०१२ ते २०१८ अशी टप्प्याटप्प्याने मोठ्या जहाजांना सक्तीची झाली. मोबाइलवरच्या मॅपसारखं दिसतं पण फरक मोठा आहे, यातला प्रत्येक खडक, बोया, खोलीची रेषा ही वेगळी नोंद असते, त्यामुळे तुम्ही आपल्या जहाजाचा ड्राफ्ट सांगितला की कुठली रेषा ओलांडायची नाही हे यंत्र ठरवतं आणि पुढे उथळ आलं की आधीच ओरडतं.

ओरडतं, पण ते नीट सेट केलं असेल तर. २०१३ मध्ये ओव्हिट नावाचा केमिकल टँकर इंग्लंड आणि फ्रान्समधल्या डोव्हरच्या खाडीत वार्न बँक या वाळूच्या उंचवट्यावर चढून बसला. स्क्रीनवर आखलेला मार्गच त्या उंचवट्यावरून जात होता, खोलीची मर्यादा चुकीची भरलेली आणि अलार्मचा आवाज बंद. त्याआधीचा क्लासिक किस्सा १९९५ चा, रॉयल मॅजेस्टी नावाच्या प्रवासी जहाजाच्या जीपीएसच्या अँटेनाची केबल निघाली, यंत्र गुपचूप अंदाजाने जागा मोजायला लागलं, स्क्रीनवर सगळं छान, आणि दीडेक दिवसाने जहाज अमेरिकेतल्या नॅनटकेट बेटाजवळ वाळूत रुतलं तेव्हा ते मार्गापासून १७ मैल बाजूला होतं. आता तर केबल निघायचीही गरज नाही. जीपीएसचा सिग्नल इतका क्षीण असतो की जमिनीवरून तो दाबता येतो किंवा खोटा पाठवता येतो. २०१७ मध्ये काळ्या समुद्रात रशियाच्या किनाऱ्याजवळच्या बऱ्याच जहाजांना आपण गेलेंझिकच्या विमानतळावर उभे आहोत असं स्क्रीनवर दिसत होतं. तेव्हा एकडिस कितीही भारी असलं तरी रडार बघणं, दीपगृहाची दिशा मोजून जागा तपासणं आणि खिडकीतून बाहेर बघणं सुटत नाही.

नकाशाचा आणि तेलाचा काय संबंध असं वाटेल, तर तो खोलीतून येतो. नवीन पिढीचे नकाशे एस-१०० नावाच्या स्टँडर्डवर बनतायत, २०२६ पासून ती यंत्रणा वापरायला परवानगी आहे आणि २०२९ पासून नव्याने बसणारं एकडिस त्याच प्रकारचं लागणार. त्यात नकाशावर थर चढवता येतात, समुद्रतळाचं बारीक मोजमाप, त्या क्षणाची पाण्याची पातळी, वरचे प्रवाह. आतापर्यंत जहाजाच्या बुडाखाली किती पाणी राहील हे जुन्या मोजमापावर आणि भरतीच्या तक्त्यावरून काढायचं आणि वर भरपूर मोकळीक ठेवायची. नक्की खोली कळली की ती मोकळीक थोडी कमी करता येते. पावणेतीनशे-तीनशे मीटरचं कोळसा किंवा लोखंडाची माती नेणारं जहाज एक सेंटिमीटर जास्त बुडालं की साधारण १२० टन माल जास्त बसतो. दहा सेंटिमीटर म्हणजे १,२०० टन, त्याच फेरीत, जवळपास तेवढ्याच तेलात. शिवाय पुढच्या भरतीची वाट बघत बाहेर उभं राहायचे तासही कमी होतात.

मार्गाचं म्हणाल तर समुद्रात सगळ्यात जवळचा रस्ता हा सगळ्यात स्वस्त असेलच असं नाही. हे काही आजचं ज्ञान नाही. १८४० च्या दशकात अमेरिकन नौदलातल्या मॅथ्यू माउरी याने जहाजांच्या जुन्या लॉगबुकांचे ढीग उपसून कुठल्या महिन्यात कुठे वारा आणि प्रवाह कसा असतो याचे नकाशे काढले आणि शिडाच्या जहाजांचे आठवडे वाचले. बिग डेटा म्हणतात तो हाच, फक्त शाईचा. आज वेदर राउटिंगचं सॉफ्टवेअर तेच करतं, पण त्यात पुढच्या दहा-पंधरा दिवसांचा अंदाज असतो, एक नाही तर अनेक शक्यतांचा, आणि हे विशिष्ट जहाज अमुक उंचीच्या लाटा समोरून आल्या तर किती तेल जास्त पितं याचं मॉडेल असतं. आफ्रिकेच्या आग्नेय किनाऱ्यालगत अगुल्हास नावाचा प्रवाह नैऋत्येकडे वाहतो, जागोजागी चार नॉट किंवा जास्त. त्या दिशेने जाणारा त्यावर स्वार होतो, उलट येणारा त्याच्यापासून लांब राहतो, आणि २०२३ च्या शेवटापासून तांबड्या समुद्रातल्या हल्ल्यांमुळे जहाजांनी सुएझ सोडून आफ्रिकेला वळसा घालायला सुरुवात केली तेव्हा हे ज्ञान एकदम रोजच्या कामाचं झालं. तरी शेवटचा शब्द कॅप्टनचाच. किनाऱ्यावरच्या ऑफिसातून कितीही सुंदर रेषा आखून पाठवली तरी सुरक्षिततेसाठी ती बाजूला ठेवायचा त्याचा हक्क आंतरराष्ट्रीय नियमांतच आहे, आणि तो असायलाच हवा, कारण लाटा ऑफिसात येत नाहीत.

एक गोष्ट मात्र लक्षात घ्या, हे सॉफ्टवेअर दिलेल्या वेळेत सगळ्यात कमी तेल शोधतं. वेळच चुकीची दिली, म्हणजे दोन दिवस आधी पोच असं सांगितलं, तर ते अत्यंत हुशारीने तुम्हाला रांगेत नेऊन उभं करणार. म्हणून मी पुन्हा पुन्हा त्या धक्क्याच्या वेळेवर येतोय.

जहाज किती तेल पितं हे तरी कुठे नीट माहीत होतं म्हणा. वर्षानुवर्षं हिशोब चालला तो नून रिपोर्टवर. रोज दुपारी बारा वाजता जहाजाने ऑफिसला कळवायचं की कालपासून किती मैल झाले, किती तेल गेलं, वारा कसा होता. चोवीस तासांसाठी एक आकडा, त्यात सकाळी वादळ आणि दुपारी शांत समुद्र असला तरी सरासरीत सगळं सपाट. त्यात चीफ इंजिनियर मंडळींची कागदावर न दाखवता थोडं तेल अडीअडचणीला राखून ठेवायची जुनी सवय, त्यामुळे आकडे तसे लवचीकच. आता इंजिनाची ताकद पंख्यापर्यंत नेणाऱ्या शाफ्टवर ताकद मोजणारे सेन्सर, तेलाच्या पाइपवर मीटर, आणि भर समुद्रात मिळणारं स्वस्त इंटरनेट, त्यामुळे दर काही सेकंदांचा डेटा किनाऱ्यावर दिसतो. खलाशांची तक्रार अशी की सेन्सर आले तरी फॉर्म कमी झाले नाहीत, तोच आकडा कंपनीला, भाडेकरूला, बंदराला आणि हवामानवाल्याला वेगवेगळ्या साच्यात भरायचा, आणि ती तक्रार अगदी रास्त आहे.

या डेटातून सगळ्यात आधी काय सापडतं, तर बुडाला लागलेलं शेवाळ. जहाज गरम पाण्यात काही आठवडे उभं राहिलं की खाली बुळबुळीत थर बसतो, मग शंखशिंपल्यासारखे चिकट जीव. अर्ध्या मिलिमीटरचा बुळबुळीत थर बुडाच्या निम्म्या भागावर असला तरी तेल वीस-पंचवीस टक्क्यांनी वाढू शकतं. अर्धा मिलिमीटर! पूर्वी हे हळूहळू वाढायचं आणि खराब हवेच्या नावावर खपून जायचं, आता हवा आणि लाटा वजा करून उरलेली वाढ दिसते आणि पाणबुडे किंवा रोबोट कधी उतरवायचे हे ठरवता येतं. आणि गंमत बघा, शेवाळ लागतं ते मुख्यतः उभ्या जहाजाला. म्हणजे रांगेत ताटकळण्याचा दंड पुढच्या फेरीतही भरावा लागतो.

वाराही परत आलाय. १९२० च्या दशकात जर्मनीच्या अँटोन फ्लेटनरने जहाजावर शिडाऐवजी फिरणारे उंच दंडगोल बसवले, त्यांच्यावर आडवा वारा आला की जहाज पुढे ढकललं जातं, फिरकी घेतलेला चेंडू हवेत वळतो तसंच काहीसं. १९२६ मध्ये त्याचं जहाज अटलांटिक ओलांडून गेलं, पण तेल स्वस्त होतं, कुणी विचारलं नाही. आता तेच रोटर पुन्हा बसतायत, शिवाय विमानाच्या पंखासारखी उभी शिडं. २०२३ मध्ये पिक्सिस ओशन या जहाजावर ३७.५ मीटर उंचीचे असे दोन पंख बसवले आणि पहिल्या सहा महिन्यांत दिवसाला सरासरी ३ टन तेल वाचल्याचं सांगितलं गेलं. पण पंख बसवून नाकासमोर सरळ गेलात तर अर्धा फायदा गेला, वारा जिथे आहे तिथून जावं लागतं, म्हणजे परत राउटिंग आणि परत वेळेची मोकळीक. नवीन इंधनांचंही तसंच, मेथॅनॉलला तेवढ्याच ऊर्जेसाठी टाकीत दुपटीहून जास्त जागा लागते आणि ग्रीन प्रकारचं तर महागही असतं, मग ते जाळून रांगेत येऊन उभं राहणं कुणाला परवडेल.

नियमांचं थोडक्यात. २०२३ पासून ५,००० ग्रॉस टनांवरच्या जहाजांना दरवर्षी ए ते ई असा ग्रेड मिळतो, वाहतुकीच्या मानाने किती कार्बन सोडला यावरून. कल्पना चांगली, पण त्यात प्रत्यक्ष माल नाही तर जहाजाची क्षमता धरतात, त्यामुळे रिकामं जहाज लांब फिरून आलं तर ग्रेड सुधारू शकतो आणि भरलेलं जहाज बिचारं रांगेत अडकलं तर बिघडतो. २०५० च्या आसपास नेट झीरो हे ध्येय आयएमओने २०२३ मध्ये ठरवलं, पण त्यासाठी कार्बनला जागतिक पातळीवर किंमत लावणारा आराखडा ऑक्टोबर २०२५ मध्ये मंजुरीला आला आणि मतदान होऊन वर्षभर पुढे ढकलला गेला. युरोपियन युनियन मात्र थांबलं नाही. तिथे २०२४ च्या उत्सर्जनातल्या ४० टक्क्यांसाठी परवाने घ्यावे लागले, २०२५ साठी ७०, आणि २०२६ पासून पूर्ण. बिल येतं जहाज चालवणाऱ्या कंपनीच्या नावावर, पण स्पीड आणि तेल भाडेकरू ठरवत असेल तर ते पैसे त्याच्याकडून वसूल करायचा हक्कही त्याच कायद्यात लिहिलाय. मग वकील कामाला लागले, आणि जुन्या कराराला हात लागला तो इथे.

बिम्को ही जहाजवाल्यांची मोठी संघटना कराराची तयार कलमं बनवते, त्यात जस्ट इन टाइमसाठी २०२१ मध्ये एक कलम आलं. बंदरात जागा नाही असं कळलं तर भाडेकरू जहाजाला हळू यायला सांगू शकतो, ते करारभंग धरायचं नाही, आणि जास्त लागलेल्या वेळेचा मोबदला मालकाला द्यायचा. पण तेवढ्याने भागत नाही, कारण जहाजातला माल बऱ्याचदा तिसऱ्याचाच असतो, कधी कधी वाटेत दोन-तीनदा विकला जातो, आणि त्याच्या कागदावर अजून ती लवकर पोचायची जुनी अट असू शकते. म्हणून कलमात असंही घालावं लागतं की मालाच्या कागदातही हे लिहून घ्यायची जबाबदारी भाडेकरूची.

टँकरवाल्यांनी हाच प्रकार २०१० च्या सुमाराला व्हर्च्युअल अरायव्हल या नावाने सुरू केला होता. दोघांनी मिळून हवामानाच्या हिशोबाने ठरवायचं की हे जहाज नेहमीच्या स्पीडने आलं असतं तर कधी पोचलं असतं, आणि ती वेळ पोचल्याची मानायची. वाचलेल्या तेलाचे पैसे वाटून घ्यायचे. म्हणजे कागदावर जहाज बंदराबाहेर हजर झालेलं असतं, घड्याळ सुरू झालेलं असतं, आणि प्रत्यक्षात ते अजून तीनशे मैल लांब समुद्रात, अॅपवर एकटाच ठिपका, साडेदहा नॉटने निवांत येत असतं.